जनपद सभा ते जिल्हा परिषद : इतवारीच्या परिसरातील ग्रामीण हायस्कुलाची घडण

१

महाराष्ट्रातील माध्यमिक शिक्षणाचा इतिहास बहुधा संस्थापकांच्या चरित्राच्या अनुरोधाने लिहिला जातो. कर्मवीर भाऊराव पाटील ह्यांनी १९१९ साली रयत शिक्षण संस्थेची स्थापना केली आणि पश्चिम महाराष्ट्रातील ग्रामीण हायस्कुलांच्या कथेस तेथून आरंभ झाला, असे म्हणता येते. विदर्भातही डॉ. पंजाबराव देशमुख ह्यांच्या श्री शिवाजी शिक्षण संस्थेचा इतिहास असाच एका व्यक्तीभोवती गुंफता येतो. परंतु विदर्भातील ग्रामीण हायस्कुलांचा एक मोठा वर्ग असा आहे की, ज्यास संस्थापक नाही व निश्चित स्थापनादिनही नाही. ही हायस्कुले सार्वजनिक पैशावर उभी राहिली, एका स्थानिक संस्थेकडून दुसरीकडे गेली, आणि निरनिराळ्या दर्जांच्या शाळा एकमेकींत मिसळून त्यांना आजचे रूप आले. नागपूर जिल्ह्याच्या संदर्भात ही घडण कोणत्या क्रमाने झाली आणि तिचे परिणाम काय झाले, ह्याचा विचार येथे कर्तव्य आहे.

ह्या विचारास इतवारीपासून प्रारंभ करणे सयुक्तिक ठरेल. नागपूर शहराचा हा भाग रविवारच्या बाजारावरून नाव पावलेला असून दीर्घकाळ तो धान्य, कापड व किराणा ह्यांच्या घाऊक व्यापाराचे केंद्र होता. १९०८ साली इतवारीहून नागभीडकडे जाणारा अरुंदमापी लोहमार्ग सुरू झाला. कुही, उमरेड, भिवापूर ही गावे त्याने शहराशी जोडली. २०१९ साली मार्गाच्या रुंदीकरणासाठी ह्या गाड्या बंद झाल्या. तोपर्यंत जिल्ह्याच्या पूर्व व आग्नेय भागातील खेड्यांचे शहराकडे येण्याचे एक मुख्य दार इतवारी हेच होते. माल ज्या वाटेने येई त्याच वाटेने माध्यमिक शिक्षण घेऊ इच्छिणारा विद्यार्थीही शहराकडे येई. कारण हायस्कूल म्हणजे शहरातील वस्तू, ही स्थिती विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत पुष्कळ अंशी कायम होती.

२

ह्या स्थितीचे कारण केवळ ग्रामीण जनतेच्या अनास्थेत शोधणे योग्य होणार नाही. त्याचे एक मूळ स्थानिक संस्थांच्या उत्पन्नाच्या रचनेत आहे. नागपूरची नगरपालिका १८६४ साली स्थापन झाली. तिच्या उत्पन्नाची प्रमुख बाब शहरात येणाऱ्या मालावरील जकात ही होती. ग्रामीण भागासाठी १८८३ च्या मध्यप्रांत स्थानिक स्वराज्य कायद्यान्वये डिस्ट्रिक्ट कौन्सिले व त्यांच्या हाताखाली लोकल बोर्डे निर्माण झाली, आणि त्यांचा मुख्य आधार जमीनमहसुलावरील उपकर हा होता. दोन्ही उत्पन्नांच्या स्वरूपात महत्त्वाचा भेद आहे. व्यापार वाढला की जकातीचे उत्पन्न वाढते. जमीनमहसूल मात्र बंदोबस्ताच्या मुदतीत ठरलेला असतो. त्यामुळे उपकराचे उत्पन्नही जवळजवळ स्थिर राहते. खेड्यातील धान्याची गाडी इतवारीत येई तेव्हा त्या व्यवहारातून होणारी वाढ नगरपालिकेच्या पदरात पडे. ज्या गावातून ती गाडी निघाली त्या गावाच्या शाळेस तिचा लाभ नसे. जकातीचा भार अंतिमतः शहरातील ग्राहकावर पडतो, हा आक्षेप खरा आहे. तथापि उत्पन्न कोठे गोळा होते व कोठे खर्च होते हा प्रश्न त्याने निकालात निघत नाही.

अशा मर्यादित उत्पन्नात ग्रामीण स्थानिक संस्थांनी प्राथमिक शाळा चालविल्या, आणि मोठ्या गावी मराठी मिडल शाळा काढल्या. इंग्रजी शिकविणारी ॲंग्लो-व्हर्नाक्युलर मिडल शाळा ही वेगळी कोटी होती. मध्यप्रांतात चार वर्षे प्राथमिक, चार वर्षे मिडल व तीन वर्षे हायस्कूल अशी ४ + ४ + ३ ची रचना होती. म्हणजे पाचवी ते आठवी हा मिडलचा टप्पा प्राथमिक व माध्यमिक ह्यांच्या मध्ये स्वतंत्रपणे उभा होता. तहसिलीच्या गावी ह्या टप्प्यापर्यंत सोय झाली तरी नववीसाठी शहर गाठावे लागे. १९२० च्या प्राथमिक शिक्षण कायद्याने स्थानिक संस्थांना सक्तीच्या शिक्षणाचा अधिकार दिला. १९३८-३९ च्या सुमारास पं. रविशंकर शुक्ल ह्यांच्या विद्यामंदिर योजनेने शाळेची सांगड जमिनीच्या दानाशी घालण्याचा प्रयत्न केला. दोहोंचे लक्ष्य प्राथमिक शिक्षण होते. ग्रामीण हायस्कुलाचा प्रश्न त्यांच्या कक्षेबाहेर राहिला.

३

ह्या प्रश्नास गती मिळाली ती १९४८ च्या मध्यप्रांत व वऱ्हाड स्थानिक शासन कायद्याने. पं. द्वारकाप्रसाद मिश्र ह्यांच्या नावाशी निगडित असलेल्या ह्या योजनेने डिस्ट्रिक्ट कौन्सिले व लोकल बोर्डे रद्द करून प्रत्येक तहसिलीस एक जनपद सभा दिली. जिल्ह्याऐवजी तहसील हा घटक स्वीकारल्याने उमरेड, काटोल, रामटेक ह्यांसारखी ठिकाणे केवळ महसुली मुख्यालये न राहता स्थानिक सत्तेचीही केंद्रे झाली. आपल्या तहसिलीत हायस्कूल असावे ही मागणी करण्यास आता एक निर्वाचित व्यासपीठ उपलब्ध झाले. जनपद हायस्कूल हा शब्दप्रयोग ह्या काळातील आहे.

जनपद हायस्कूल नव्याने बांधून उभे करण्यापेक्षा असलेल्या मिडल शाळेस वरचे वर्ग जोडणे हा मार्ग स्वाभाविक होता. इमारत, शिक्षक व विद्यार्थी तेथे आधीच होते; एकेका वर्षी एकेक वर्ग वाढविला की शाळा मॅट्रिकपर्यंत पोचे. अशा शाळेचे वय मोजताना इतिहासकारास अडचण येते. मिडल शाळेच्या प्रारंभापासून मोजावे की नववीचा वर्ग उघडला तेव्हापासून, ह्यास सर्वमान्य उत्तर नाही. म्हणूनच अशा शाळांच्या सुवर्णमहोत्सवाचे वर्ष कोणते, हा वाद निरर्थक मानता येत नाही. त्यात विलीन झालेल्या शाळेचे अस्तित्व मान्य करावयाचे की नाही, हा मूळ प्रश्न दडलेला असतो.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यपुनर्रचनेने विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात आले, आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले. ह्या दोन्ही प्रसंगी शाळांच्या भिंती जागच्या जागी राहिल्या. वर्गांचे अर्थ मात्र बदलले. मुंबई राज्याच्या पद्धतीत प्राथमिक शिक्षण सातवीपर्यंत होते व आठवीपासून माध्यमिक शिक्षण सुरू होई. विदर्भातील मिडलचा चार वर्षांचा टप्पा ह्या चौकटीत बसत नव्हता. त्याचे पहिले तीन वर्ग प्राथमिकच्या बाजूस आणि आठवी माध्यमिकच्या बाजूस, असे त्याचे विभाजन क्रमप्राप्त होते. एकीकडे संस्थांचे विलीनीकरण होत असता दुसरीकडे शाळेच्या एका जुन्या घटकाची फाळणी झाली, हे ह्या इतिहासाचे दुर्लक्षित अंग आहे.

४

वसंतराव नाईक समितीच्या शिफारशींनुसार १९६१ चा जिल्हा परिषद व पंचायत समिती कायदा संमत झाला आणि १ मे १९६२ रोजी जिल्हा परिषदा अस्तित्वात आल्या. जनपद सभा संपुष्टात येऊन त्यांच्या शाळा, कर्मचारी व दायित्वे जिल्हा परिषदेकडे आली. तहसिलीचा घटक मागे पडून पुन्हा जिल्हा हा घटक आला. पंचायत समिती तालुक्यास राहिली तरी हायस्कुलाचे स्वामित्व जिल्ह्याच्या ठिकाणी गेले. ह्याच प्रवाहात विदर्भातील काही शासकीय हायस्कुलेही जिल्हा परिषदांकडे आली. अमरावतीच्या जिल्हा परिषद कन्या शाळेच्या नावात ‘माजी शासकीय’ ही अक्षरे अद्याप टिकून राहिलेली दिसतात. मुदलियार आयोगाच्या (१९५२-५३) प्रभावाने रूढ झालेला ‘बहुउद्देशीय’ हा शब्दही काही शाळांच्या नावात तसाच राहिला. शाळेच्या फलकावरील अशी विशेषणे ही तिच्या पूर्वजन्माची लेखी साक्ष होय.

परीक्षांचे विलीनीकरण त्यानंतर झाले. १९६५ च्या कायद्यान्वये १ जानेवारी १९६६ रोजी राज्यासाठी एकच माध्यमिक शिक्षण मंडळ स्थापन झाले व विदर्भाचे स्वतंत्र मंडळ त्यात सामावले. १९७५ पासून दहावीच्या अखेरीस शालान्त परीक्षा होऊ लागली आणि अकरावी हायस्कुलातून निघाली. पुढे २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याने पहिली ते आठवी हे प्राथमिक शिक्षण ठरविले. एकाच आठवीच्या वर्गाने मिडलचा शेवट, माध्यमिकचा प्रारंभ व प्राथमिकचा शेवट अशा तीन भूमिका क्रमाने वठविल्या.

अमेरिकेतील अनुभवाशी तुलना केल्यास येथील विशेष स्पष्ट होतो. त्या देशात १९३९-४० साली सुमारे १ लाख १७ हजार शाळा-जिल्हे होते. १९५९-६० पर्यंत ती संख्या ४० हजारांच्या आसपास आली. पुष्कळ राज्यांत ह्या एकत्रीकरणाचा प्रश्न स्थानिक मतदारांपुढे आला व त्यावर कडाक्याचे वाद झाले. नागपूर जिल्ह्यात १९४८ व १९६२ ची दोन्ही स्थित्यंतरे विधिमंडळाच्या कायद्याने घडली. गावास त्याबाबत मत विचारले गेले नाही. ह्याचा लाभ असा की स्थित्यंतर जलद झाले. हानी अशी की शाळा आपली आहे ही भावना दर वेळी नव्या कार्यालयाशी जोडून घ्यावी लागली.

५

ह्या सर्व प्रक्रियेत ज्या एका वस्तूकडे प्रशासनाने व संशोधकांनी अधिक लक्ष पुरवावयास हवे, ती म्हणजे दाखल-खारीज रजिस्टर. विद्यार्थ्याचे नाव, जात, जन्मतारीख, पूर्वीची शाळा व शाळा सोडल्याची तारीख ह्यांची नोंद त्यात असते. हे रजिस्टर केवळ इतिहासाचे साधन नाही. जातीच्या दाखल्याच्या पडताळणीसाठी महाराष्ट्रात अनुसूचित जातींस १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातींस ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती व भटक्या जमातींस २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गीयांस १३ ऑक्टोबर १९६७ ह्या तारखांपूर्वीचे पुरावे महत्त्वाचे मानले जातात. ह्या तारखा आणि वर वर्णिलेल्या स्थित्यंतरांच्या तारखा जवळजवळ एकाच कालखंडात पडतात. पहिल्या दोन तारखांपूर्वीची नोंद जनपद सभेच्या किंवा तिच्याही आधीच्या कौन्सिलच्या शाळेत झालेली असणार. शेवटच्या तारखेपूर्वीची नोंद तिन्हींपैकी कोणत्याही राजवटीची असू शकते. भूमिहीन कुटुंबाजवळ जमिनीचे कागद नसतात. आजोबांच्या नावाची शाळेतील एक ओळ हाच त्याचा आधार असतो. शाळा विलीन होताना रजिस्टर कोणत्या शाळेच्या कपाटात गेले, हे ठाऊक असणे ह्या कुटुंबास शिष्यवृत्तीइतकेच मोलाचे आहे.

हा प्रश्न भूतकाळातच राहिलेला नाही. कोठारी आयोगाने (१९६४-६६) शाळासंकुलाची कल्पना मांडली होती. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणात ती पुन्हा आली. २०२३ साली महाराष्ट्र शासनाने कमी पटाच्या शाळांऐवजी समूहशाळांचा विचार पुढे आणला, तेव्हा वीस वा त्याहून कमी विद्यार्थी असलेल्या शाळांची संख्या १४ हजारांहून अधिक असल्याचे सांगण्यात आले. त्या विचाराच्या इष्टानिष्टतेचा निर्णय शिक्षणशास्त्राने करावा. विदर्भातील पूर्वानुभव त्यास दोन गोष्टी सांगू शकतो. पहिली ही की, विलीनीकरणाने विदर्भाच्या तहसिलींत हायस्कूल आणले. ते मुळातच अनिष्ट होय असे म्हणण्यास आधार नाही. १९४८ नंतरचे विलीनीकरण वर्ग वाढविणारे होते आणि त्यामुळे उमरेडच्या विद्यार्थ्याची इतवारीपर्यंतची वाट वाचण्याचा मार्ग खुला झाला. ज्या विलीनीकरणाने विद्यार्थ्याची वाट लांबते, ते नावाने सारखे असले तरी जातीने भिन्न आहे. दुसरी ही की, विलीन होणाऱ्या शाळेचे नाव, तिच्या प्रारंभाचे वर्ष आणि तिची रजिस्टरे ग्रहण करणाऱ्या शाळेने स्वतंत्रपणे नोंदवून ठेवली पाहिजेत. जनपद हायस्कुलांच्या बाबतीत हे काम अद्यापही करण्याजोगे आहे. प्रत्येक तालुक्यातील जिल्हा परिषद हायस्कुलात कोणत्या मिडल शाळेची कोणत्या वर्षापासूनची रजिस्टरे आहेत, ह्याची सूची तयार करणे पदव्युत्तर विद्यार्थ्यांच्या आटोक्यातील काम होय, आणि तिचा उपयोग इतिहासाच्या अभ्यासकापेक्षाही गावकऱ्यांस अधिक होईल.