शनिवारच्या रात्रीचा परका यजमान : रुडी कारेल

१/ दुसरे महायुद्ध संपून वीस वर्षे उलटली होती, पण पाच वर्षांच्या जर्मन अंमलाच्या आठवणी नेदरलँड्समधील घराघरांत ताज्या होत्या. अशा काळात, १९६५ साली, एक डच कलावंत जर्मन दूरचित्रवाणीवर यजमान म्हणून उभा राहिला आणि पुढची चार दशके जर्मनांना हसवत राहिला. त्याचे नाव रुडी कारेल.

२/ त्याचा जन्म १९ डिसेंबर १९३४ रोजी आल्कमार येथे झाला. मूळ आडनाव केसेलार. वडीलही रंगमंचावरचे कलावंत. ‘कारेल’ हे त्यांचे रंगमंचीय नाव मुलाने पुढे चालवले. मे १९४० मध्ये जर्मन फौजा देशात शिरल्या, तेव्हा रुडी पाच वर्षांचा होता.

३/ आरंभ काही दिमाखदार नव्हता. १९६०च्या लंडन येथील युरोव्हिजन गीतस्पर्धेत त्याने नेदरलँड्सचे प्रतिनिधित्व केले. तेरा देशांत बारावा क्रमांक, गुण अवघे दोन! गायक म्हणून पदरी अपयश आले. पण दूरचित्रवाणीवरील त्याच्या कार्यक्रमाने १९६४ साली माँत्रो महोत्सवात ‘रौप्य गुलाब’ पटकावला.

४/ त्यानंतर ‘रेडिओ ब्रेमेन’ या छोट्याशा जर्मन प्रसारण संस्थेने त्याला आपलेसे केले. त्याच्या जर्मन बोलण्यातला डच हेल कधीच गेला नाही. तोच त्याची ओळख ठरला.

५/ १९७४ ते १९७९ या काळात ‘आम लाउफेंडन बांड’ या कार्यक्रमाने शनिवारची रात्र काबीज केली. मूळ कल्पना डच. एकाच कुटुंबातल्या दोन पिढ्यांच्या जोड्या स्पर्धेत उतरत. शेवटी विजेत्यासमोरून सरकत्या पट्ट्यावर वस्तू जात. त्यातल्या जितक्या आठवतील, तितक्या त्याच्या! टंचाई भोगलेले आजीआजोबा आणि सुबत्तेत वाढलेली नातवंडे एकाच पडद्यापुढे बसून हा खेळ पाहत.

६/ १९७५ साली त्याचे एक गाणे गाजले. चाल स्टीव्ह गुडमन या अमेरिकन गायकाच्या गीताची. विषय मात्र अस्सल उत्तर युरोपीय : खराखुरा उन्हाळा पुन्हा येणार तरी कधी?

७/ हसू सीमा ओलांडते, तसा रोषही ओलांडतो. फेब्रुवारी १९८७ मध्ये ‘रुडिस टागेसशो’ या बातम्यांच्या विडंबनात्मक कार्यक्रमात काही सेकंदांचे एक दृश्य दाखवले गेले. चित्रफितींच्या जोडकामातून असा भास निर्माण केला होता, की स्त्रिया इराणचे सर्वोच्च नेते खोमेनी यांच्यावर अंतर्वस्त्रे उधळत आहेत. इराणने जर्मन राजनैतिक अधिकाऱ्यांची हकालपट्टी केली, तेहरानमधील ग्योटे संस्था बंद झाली. कारेलला धमक्या आल्या, पोलीस संरक्षण घ्यावे लागले. त्याने जाहीर माफी मागितली.

८/ तरीही त्याची कारकीर्द थांबली नाही. १९९६ ते २००५ या काळात आठवड्याच्या घडामोडींची खिल्ली उडवणारा ‘७ टागे, ७ क्योप्फे’ हा कार्यक्रम त्याने घडवला. यजमानपद दुसऱ्याकडे होते. कारेल निर्माता होता आणि विनोद करणाऱ्यांच्या रांगेतही बसे. पश्चिम जर्मनीत सुरू झालेली त्याची वाटचाल एव्हाना एकसंध जर्मनीत येऊन पोहोचली होती.

९/ फेब्रुवारी २००६ मध्ये जीवनगौरव पुरस्कार स्वीकारताना कर्करोगाने त्याचा आवाज क्षीण झाला होता. त्या क्षीण आवाजातही त्याने सभागृहाला हसवले आणि जर्मन प्रेक्षकांचे आभार मानले. ७ जुलै २००६ रोजी ब्रेमेन येथे त्याचे निधन झाले.

१०/ दोन राष्ट्रांमधला सलोखा करारांच्या कागदावर नोंदला जातो. दिवाणखान्यात तो कसा रुजला, हे शोधायचे असेल, तर शनिवारच्या रात्रीचे हे जुने कार्यक्रमही इतिहासाची साधने म्हणून पाहावे लागतात.