दीर्घिकांचे वय मोजणारी विदुषी

आपल्या स्मरणिकेत एखाद्या कर्तबगार स्त्रीची ओळख करून द्यावी, हा शिरस्ता चांगला आहे. यंदा मी जिच्याविषयी लिहिणार आहे, तिचे नाव आपल्यापैकी फारच थोड्यांच्या कानांवरून गेले असेल. तिचे नाव बीट्राइस टिन्सली. उणेपुरे चाळीस वर्षांचे आयुष्य तिला लाभले. पण तेवढ्यात आकाशाकडे पाहण्याची शास्त्रज्ञांची दृष्टी तिने पालटून टाकली.

बीट्राइसबाईंचा जन्म २७ जानेवारी १९४१ रोजी इंग्लंडमधील चेस्टर या गावी झाला. वडील धर्मोपदेशक होते. युद्ध संपल्यावर १९४६ साली हे कुटुंब न्यूझीलंडला गेले. मुलगी अभ्यासात हुशार, शिवाय व्हायोलिन उत्तम वाजवीत असे. क्राइस्टचर्चच्या विद्यापीठात पदार्थविज्ञान शिकत असतानाच १९६१ साली सहाध्यायी ब्रायन टिन्सली यांच्याशी तिचा विवाह झाला, आणि १९६३ मध्ये पतीच्या नोकरीनिमित्त हे दांपत्य अमेरिकेत, टेक्सासमधील डलास येथे आले.

नोकरी पतीची; बाईंनी करायचे काय? घर सांभाळून गप्प बसणे त्यांच्या स्वभावात नव्हते. ऑस्टिनच्या विद्यापीठात त्यांनी १९६४ साली पीएच.डी.साठी नाव घातले. डलासहून ऑस्टिन सुमारे ३०० किलोमीटर दूर. इतक्या लांबच्या खेपा घालून त्यांनी आपला प्रबंध अवघ्या तीन वर्षांच्या आत पुरा केला!

त्या प्रबंधात होते तरी काय? दीर्घिका म्हणजे हजारो कोटी ताऱ्यांचा समूह. आपली आकाशगंगा ही अशीच एक दीर्घिका. देवयानीतील मोठ्या दीर्घिकेचा प्रकाश आपल्यापर्यंत पोहोचण्यास सुमारे २५ लक्ष वर्षे लागतात. म्हणून आज आपण पाहतो ते तिचे तितके जुने रूप होय. जितके दूर पाहावे, तितके भूतकाळात पाहणे घडते.

आता समईचा दृष्टान्त घेऊ. अंधारात दूरवर एक ज्योत मिणमिणते आहे. ती मंद दिसते, ती दूर आहे म्हणून, की तिचे तेल सरत आले म्हणून? सर्व समया सारख्याच तेजाने जळतात असे धरले, तरच तेजावरून अंतर काढता येईल. त्या काळी कित्येक नामांकित ज्योतिर्विद प्रचंड दीर्घिकांविषयी असेच काहीसे धरून चालत आणि त्यावरून विश्वाच्या प्रसरणाचे गणित मांडीत. बीट्राइसबाईंनी विचारले, दीर्घिकेला वय नसते काय? तिच्यातील वायूपासून तारे जन्मतात. मोठे, निळे तारे लवकर जळून संपतात. लहान, तांबूस तारे दीर्घकाळ टिकतात. मरणारे तारे आपल्या पोटात घडलेली जड मूलद्रव्ये अवकाशात उधळतात आणि त्यांतून पुढची पिढी घडते. मग दीर्घिकेचा रंग आणि तेज बदलल्यावाचून कसे राहील? हा जन्ममृत्यूचा हिशेब त्यांनी संगणकावर पायरीपायरीने मांडला. जुन्या काळी या दीर्घिका अधिक तेजस्वी होत्या, आणि ते ध्यानात न घेता केलेली गणिते चुकतात, असा त्यांचा निष्कर्ष होता. थोरामोठ्यांस तो सहज रुचला नाही. पण बाई मागे हटल्या नाहीत.

१९७४ साली त्यांनी आणखी तिघा शास्त्रज्ञांसह एक निबंध प्रसिद्ध केला. उपलब्ध पुराव्यांवरून विश्व कायमचे प्रसरण पावत राहील, असे त्यात प्रतिपादन होते. पुढे १९९८ मध्ये तर ते प्रसरण वेग घेत असल्याचे आढळून आले.

या यशाची किंमत मात्र फार मोठी होती. दांपत्याने दोन मुले दत्तक घेतली होती. डलासमध्ये बाईंना त्यांच्या योग्यतेची जागा मिळेना. अखेर १९७४ साली घटस्फोट झाला, मुले वडिलांकडे राहिली, आणि बाई येल विद्यापीठात गेल्या. या निर्णयाविषयी आपणांत दोन मते होतील, हे मी जाणते. पण पुरुषाने कामासाठी घर सोडले तर त्याला आपण कर्तव्यनिष्ठ म्हणतो, याचाही विचार व्हावा. मुलांपासून दूर राहणे कोणत्या आईला सोपे असते?

येलमध्ये १९७८ साली त्या प्राध्यापक झाल्या. खगोलशास्त्राचे ते पद मिळविणाऱ्या तेथील त्या पहिल्या स्त्री. त्याच वर्षी त्वचेच्या कर्करोगाचे निदान झाले. उजवा हात निकामी झाला, तेव्हा त्यांनी डाव्या हाताने लिहिण्याचा सराव केला. शेवटचा निबंध मृत्यूच्या दहा दिवस आधी छपाईसाठी रवाना झाला. २३ मार्च १९८१ रोजी त्यांचे निधन झाले. पुढे वडिलांनी ‘माय डॉटर बीट्राइस’ हे पुस्तक १९८६ मध्ये प्रसिद्ध केले. न्यूझीलंडमधील एका पर्वतशिखरालाही त्यांचे नाव देण्यात आले आहे.

आज दूरदूरच्या दीर्घिकांचे वय ताडताना शास्त्रज्ञ बाईंनी घालून दिलेल्या रीतीनेच चालतात. आपल्या घरातील एखादी मुलगी गच्चीवर उभी राहून ‘आई, हे तारे म्हातारे होतात का गं?’ असे विचारील, तर तिला ‘चल, भांडी आवर’ म्हणण्याआधी क्षणभर थांबावे, एवढेच माझे मागणे आहे.