पोटाची भिंत, तिचे थर आणि दोंडाईच्याची मच्छरदाणी

२००३ साली ‘इंडियन जर्नल ऑफ सर्जरी’ या नियतकालिकात एक शोधनिबंध प्रसिद्ध झाला. त्याचे पहिले लेखक होते डॉ. रवींद्रनाथ टोणगावकर. धुळे जिल्ह्यातील दोंडाईचा या गावी ग्रामीण रुग्णांवर उपचार करणारे हे शल्यचिकित्सक. निबंधाचा विषय होता, हर्नियाच्या शस्त्रक्रियेत महागड्या जाळीऐवजी मच्छरदाणीचे कापड वापरता येईल काय? वेगवेगळ्या ठिकाणच्या सहकारी शल्यचिकित्सकांनी साडेतीनशेहून अधिक हर्नियांवर केलेल्या शस्त्रक्रियांचा अनुभव त्यात मांडला होता.

मच्छरदाणीचे कापड माणसाच्या पोटात का बसवावे लागते, हे समजून घ्यायचे तर आधी पोटाची भिंत समजून घ्यावी लागेल.

छातीला फासळ्यांचा पिंजरा आहे, मेंदूला कवटीची पेटी आहे. पोटाला मात्र पुढच्या बाजूने हाडाचा आधार नाही. आतडी, यकृत, जठर हे सारे सांभाळते ती स्नायूंची भिंत. तिच्या दोन्ही बाजूंना तीन सपाट स्नायू एकावर एक पसरलेले असतात. सर्वांत वरचा बाह्य तिर्यक स्नायू. आपण खिशात हात घातला की बोटे ज्या दिशेने खाली व मध्याकडे जातात, तीच त्याच्या तंतूंची दिशा. त्याच्या खाली अंतःतिर्यक स्नायू. याचे बहुतेक तंतू नेमके उलट, वर व मध्याकडे जातात. सर्वांत आत अनुप्रस्थ स्नायू. त्याचे तंतू कमरपट्ट्यासारखे आडवे. प्लायवूडमध्ये एका पातळ फळीच्या रेषांवर दुसरीच्या रेषा आडव्या ठेवतात, म्हणून ते सहजी चिरत नाही. पोटाच्या भिंतीचे बळही असेच दिशांच्या फरकात आहे.

मध्याकडे येताना हे तिन्ही स्नायू मांसल राहत नाहीत. त्यांचे पांढऱ्या, चिवट, पातळ पडद्यांत रूपांतर होते. या पडद्यांना कंडरापटल म्हणतात. बेंबीच्या दोन्ही बाजूंना उभे असलेले सरळ स्नायू, म्हणजे व्यायामशाळेतल्या भाषेतले ‘सिक्स पॅक’, याच पटलांच्या म्यानात बसलेले असतात. या म्यानाची रचनाही सर्वत्र सारखी नाही. बेंबीखाली काही बोटे अंतरावर एक कमानदार रेषा येते. तिच्या वर म्यानाला पुढची आणि मागची अशा दोन्ही भिंती असतात. तिच्या खाली तिन्ही पटले पुढच्या बाजूला जातात आणि मागे केवळ एक पातळ आवरण उरते. त्याच्याही आत आतड्यांना लपेटणारे उदरावरण असते.

भिंतीची खरी परीक्षा होते ती जांघेत. पुरुषगर्भाची वृषणे पोटाच्या पोकळीत तयार होतात आणि जन्मापूर्वी या भिंतीतून वाट काढत खाली उतरतात. त्यांच्यामागे राहिलेली वाट म्हणजे वंक्षणनलिका. प्रौढ माणसात ती सुमारे चार सेंटिमीटर लांब असते. तिची दोन दारे समोरासमोर नाहीत. आतले दार बाहेरच्या बाजूला सरकलेले, तर बाहेरचे मध्याकडे. रायगडासारख्या किल्ल्याचा दरवाजा बुरुजांच्या वळणात दडवलेला असतो, म्हणजे शत्रूला सरळ धडक देता येत नाही. शरीरानेही येथे तीच युक्ती योजली आहे. खोकताना किंवा ओझे उचलताना पोटातला दाब वाढतो, तेव्हा या तिरक्या वाटेच्या भिंती एकमेकींवर दाबल्या जातात आणि वरची स्नायूंची कमान झडपेसारखी खाली येते. हे संरक्षण अपुरे पडले की आतड्याचा भाग किंवा आतली चरबी बाहेर डोकावते. यालाच हर्निया म्हणतात. मराठीत त्याला अंतर्गळ हा जुना शब्द आहे. सुश्रुतसंहितेत अंत्रवृद्धी या नावाने त्याचे वर्णन येते आणि त्याच्या कारणांत ओझी वाहणे हेही सांगितले आहे. म्हणजे हमालाचा आणि या आजाराचा संबंध तेव्हाच्या वैद्यांच्याही नजरेतून सुटला नव्हता.

आधुनिक उपचाराचा पाया इटलीतील पादुआ येथे एदोआर्दो बॅसिनी यांनी घातला. तरुणपणी, १८६७ साली, इटलीच्या एकीकरणाच्या लढ्यात त्यांना जांघेतच संगिनीची जखम झाली होती. पुढे याच भागाच्या रचनेचा त्यांनी बारकाईने अभ्यास केला आणि १८८७ मध्ये आपली पद्धत मांडली. नुसते छिद्र बुजवून भागणार नाही, नलिकेची मागची भिंतच पुन्हा उभारली पाहिजे, हे त्यांचे सूत्र. त्यासाठी ते आतले थर खाली ओढून वंक्षणबंधाला शिवत. मात्र ओढून शिवलेल्या कापडावर जसा ताण राहतो तसा येथेही राहतो, आणि ताणलेली शिवण कधीतरी उसवते.

ताणाचे उत्तर विसाव्या शतकात प्लास्टिकने दिले. अमेरिकेतील फ्रान्सिस अशर यांनी १९५८ साली पॉलिएथिलीनच्या जाळीचा वापर प्रसिद्ध केला; पुढे पॉलिप्रॉपिलीनची जाळी रूढ झाली. १९८० च्या दशकात लॉस एंजेलिसच्या अर्विंग लिख्टनस्टाइन यांनी तणावरहित शस्त्रक्रिया रुजवली. त्यात थर ओढायचे नाहीत, मधली जागा जाळीने झाकायची. जाळीच्या छिद्रांतून शरीराचे तंतू वाढतात आणि जाळीसह नवा थर तयार होतो. जगभर हीच पद्धत प्रमाण मानली जाऊ लागली.

प्रश्न उरला तो किमतीचा. उसाची मोळी उचलणारा मजूर, बाजार समितीतला हमाल, शेतात राबणारा माणूस यांना हर्निया झाला की रोजगारच अडतो. आतडे अडकून त्याचा रक्तपुरवठा तुटला तर जीवही जातो. अशा माणसाला काही रुपयांचे प्लास्टिक हजारो रुपयांना घ्यावे लागावे, हे ग्रामीण शल्यचिकित्सकांना पटेना. जाळीचे आणि मच्छरदाणीचे द्रव्य एकाच कुळातले आहे, मग वैद्यकीय नाव लागताच किंमत एवढी का वाढावी, हा त्यांचा रास्त सवाल होता. टोणगावकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो भाषणातून मांडला नाही. त्यांनी कापड निवडले, निर्जंतुक केले, वापरले, रुग्णांवर लक्ष ठेवले आणि निष्कर्ष छापले.

त्याची मोठी कसोटी पुढे आफ्रिकेत लागली. युगांडात स्वीडिश आणि स्थानिक संशोधकांनी ३०२ पुरुषांवर यादृच्छिक चाचणी घेतली. काहींना मच्छरदाणीच्या कापडाची जाळी, काहींना बाजारातली महाग जाळी. २०१६ साली ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये निष्कर्ष आले. वर्षभरात स्वस्त जाळीच्या गटात एकाच रुग्णाला हर्निया पुन्हा झाला, महाग जाळीच्या गटात कोणालाही नाही. हा फरक संख्याशास्त्रीयदृष्ट्या नगण्य होता. इतर गुंतागुंतीचे प्रमाणही जवळपास सारखेच, अनुक्रमे ३०.८ आणि २९.७ टक्के. एका जाळीची किंमत डॉलरच्या आसपास, दुसरीची शंभर डॉलरहून अधिक. अर्थात हे घरच्या पलंगावरची मच्छरदाणी कापण्याचे काम नव्हे. कापडाचे द्रव्य नेमके ठाऊक असावे लागते आणि निर्जंतुकीकरणाचे तापमान जपावे लागते, कारण अधिक उष्णतेत पॉलिएथिलीन विरूप होते.

याच काळात पुण्यात दुसरे उत्तर शोधले जात होते. डॉ. मोहन देसरडा यांनी जाळीच टाळली. २००१ साली त्यांनी ४०० रुग्णांवरील आपल्या पद्धतीचा अनुभव प्रसिद्ध केला. बाह्य तिर्यक स्नायूच्या कंडरापटलाची एक अरुंद पट्टी, तिची दोन्ही टोके न तोडता, ते खालच्या बाजूने वंक्षणबंधाला आणि वरच्या बाजूने अंतःतिर्यक स्नायूच्या कमानीला शिवतात. पट्टी स्नायूला जोडलेलीच राहते; म्हणून स्नायू आवळला की तीही ताठ होते आणि मागची भिंत निर्जीव ठिगळ न राहता हलती राहते, अशी त्यामागची विचारसरणी. पोलंडमधील २०८ रुग्णांच्या चाचणीत, तीन वर्षांच्या पाठपुराव्यानंतर, देसरडा आणि लिख्टनस्टाइन या दोन्ही पद्धतींत प्रत्येकी दोनच रुग्णांना हर्निया पुन्हा झाला. आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक तत्त्वांचा कल आजही जाळीकडेच आहे आणि देसरडा पद्धतीसाठी अधिक पुरावा मागितला जातो. तरीही जाळी परवडत नाही किंवा नको असते, तेथे ही वाट खुली झाली.

दोन्ही उत्तरे परस्परविरुद्ध दिसतात. एक बाहेरचे कापड आत नेते, दुसरे शरीरातलेच कापड वापरते. परंतु दोघांचा आरंभ एकाच ठिकाणी आहे. कोणता थर कोठे जाड, कोठे पातळ, कोणता तंतू कोणत्या दिशेने जातो, हे ज्याला नीट ठाऊक आहे, त्यालाच महागड्या साधनाला पर्याय सुचतो. शरीररचनाशास्त्र हे वैद्यकाच्या पहिल्या वर्षी पाठ करून विसरण्याचा विषय समजले जाते. दोंडाईचा आणि पुण्याचा हा इतिहास सांगतो की त्याच पाठाच्या बळावर गरिबाला शस्त्रक्रियेच्या टेबलापर्यंत आणता येते.

जाता जाता एक व्यवहाराची गोष्ट. जांघेत किंवा बेंबीपाशी उभे राहिल्यावर फुगणारी आणि आडवे झाल्यावर मावळणारी गाठ असेल, तर संकोच न करता डॉक्टरांना दाखवावी. ती एकाएकी दुखू लागली, आत जाईनाशी झाली आणि उलट्या सुरू झाल्या, तर एक तासही वाट पाहू नये.