हरिश्चंद्राची काशी आणि मराठी नट

काशीत दशाश्वमेध घाटाहून दक्षिणेकडे निघाले की शीतला घाटाला लागूनच अहिल्याबाई घाट येतो. पूर्वी तो केवलगिरी घाट म्हणून ओळखला जाई. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात अहिल्याबाई होळकरांनी तो बांधवून घेतला, वर वाडा उभारला आणि घाटाला त्यांचे नाव कायमचे चिकटले. त्याच्या दक्षिणेला मुन्शी घाट आहे. तो नागपूरकर भोसल्यांचे कारभारी श्रीधर नारायण मुन्शी यांनी बांधला. उत्तरेकडे गेले की शिंदे आणि भोसले यांच्या नावांचे घाट भेटतात. आज ज्या विश्वनाथ मंदिरात देशभरातून माणसे येतात, तेही अहिल्याबाईंनी १७८० साली पुन्हा उभे केलेले. गंगेच्या काठी मराठी माणसाने आपला असा मोठा शेजार निर्माण करून ठेवला होता. घरात काही बिनसले, धंद्यात ठोकर बसली किंवा संसारातून मन उडाले की मराठी माणूस काशीची वाट धरी, त्यामागे केवळ पुण्याचा हिशेब नसे. तिथे आपली माणसे, आपली भाषा आणि उतरायला एखादा वाडा मिळेल, याचा भरवसाही असे.

या घाटांच्या रांगेत आणखी दक्षिणेला, केदार घाटाच्या पुढे, हरिश्चंद्र घाट आहे. राज्य दान करून बसलेला राजा दक्षिणेची रक्कम फेडण्यासाठी बायकोमुलाला विकतो, स्वतः डोंबाकडे राबतो आणि मसणवटीत आपल्याच पोराच्या प्रेतासाठी कर मागतो, ही गोष्ट जिथे घडली असे मानतात ते हे ठिकाण. या गोष्टीने भारतीय रंगभूमीला जेवढे रडवले तेवढे क्वचितच दुसऱ्या कुणी रडवले असेल. काशीचेच भारतेंदु हरिश्चंद्र यांनी १८७५ साली ‘सत्य हरिश्चंद्र’ हे हिंदी नाटक लिहिले. त्याआधी ३ एप्रिल १८६८ रोजी इथल्या बनारस थिएटरात ‘जानकी मंगल’ झाले, तेव्हा लक्ष्मणाची भूमिका त्यांनीच केली होती. हिंदी रंगभूमी आजही तो दिवस आपला म्हणून साजरा करते.

मराठी नट रंगमंचावरून पडद्यावर गेला तो याच काशीच्या गोष्टीचा हात धरून. हा प्रवास एका दिशेने सरळ झालेला नाही. ज्या माणसाने नटाला पडद्यावर नेले, तोच माणूस पुढे निराश होऊन काशीत येऊन राहिला आणि तिथे बसून त्याने नाटक लिहिले. मराठी अभिनयाच्या इतिहासात हे काशीचे पान फारसे उघडले जात नाही, आणि ते उघडायलाच हवे.

तो माणूस म्हणजे धुंडिराज गोविंद उर्फ दादासाहेब फाळके. त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. मुंबईचे जे. जे. कलाविद्यालय आणि बडोद्याचे कलाभवन इथे शिक्षण, मग छायाचित्रकार, मुद्रक, पुरातत्त्व खात्यात नकाशे काढणारा, नाटकांचे पडदे रंगवणारा, असे अनेक धंदे त्यांनी केले. एका जर्मन जादूगाराकडून हातचलाखी शिकून ते ‘प्रोफेसर केल्फा’ या नावाने जादूचे प्रयोगही करत. नाव स्वतःचेच, फक्त उलटे फिरवलेले. प्रेक्षकांसमोर उभे राहून त्यांची नजर कुठे वळवायची हे त्यांना कॅमेरा हाती येण्याआधीच कळलेले होते. पडद्यावर हनुमानाचे उड्डाण आणि देवांचे अंतर्धान दाखवताना त्यांना तीच विद्या कामी आली.

गिरगावातल्या अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि आपले देव पडद्यावर कधी येणार, या विचाराने त्यांची झोप उडाली. १९१२ च्या फेब्रुवारीत ते लंडनला गेले, सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ पाहून आले, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन आले. पहिल्या चित्रपटासाठी विषय निवडला तो हरिश्चंद्र.

यंत्र मिळाले, पण नट कुठून आणायचे? मराठी रंगभूमी त्या काळी भरात होती. विष्णुदास भावे यांनी १८४३ साली सांगलीत ‘सीतास्वयंवर’ केले तेव्हापासून सत्तर वर्षे लोटली होती. १८८० च्या ‘संगीत शाकुंतल’पासून गाणारा नट घराघरांत पोचला होता. पण ज्याचा गळाच त्याची कमाई, त्याला मुक्या पडद्यावर काय मिळणार? शिवाय हलणाऱ्या चित्रांत उभे राहणे म्हणजे काहीतरी वाईट धंदा, असा लोकांचा समज होता. त्यामुळे काय काम करता असे कुणी विचारले तर ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत आहे’ असे सांगा, असे फाळक्यांनी आपल्या माणसांना शिकवले होते. फॅक्टरी म्हटले की लोक पुढे काही विचारत नसत.

तरी नाटकवालेच मदतीला आले. हरिश्चंद्र झाले दत्तात्रय दामोदर दाबके, रंगमंचावर काम केलेला नट. मराठी आणि उर्दू नाटकांत स्त्रीभूमिका करणारे सानेही या मंडळीत होते. राणी तारामतीसाठी मात्र पंचाईत झाली. कुणी कुलीन बाई येणे शक्यच नव्हते, पत्नी सरस्वतीबाईंनीही नकार दिला, आणि नाचगाण्याच्या पेशातल्या बायकांनीही पाठ फिरवली. अखेर ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात स्वयंपाकाचे काम करणारा अण्णा साळुंके हा तरुण फाळक्यांच्या नजरेत भरला. त्याचे हात नाजूक होते. तिथे त्याला महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले, असे सांगितले जाते. रंगमंचाचा कसलाही संस्कार नसलेला हा माणूस भारतीय पडद्याची पहिली नायिका ठरला. चारच वर्षांनी ‘लंकादहन’मध्ये त्याने राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या आणि पुढे कॅमेराही हाताळला. दाबके रंगभूमीकडून आले, साळुंके चुलीकडून, आणि कॅमेऱ्यासमोर दोघांनाही पहिल्यापासूनच शिकायचे होते. नाटकातल्या नटाचा हातवारा शेवटच्या बाकावरच्या माणसासाठी असतो. इथे शेवटचा बाकच नव्हता, आणि आवाजही नव्हता.

दादरच्या मेन रोडवरचे मथुरा भुवन हे घर म्हणजेच स्टुडिओ होता. सरस्वतीबाई माणसांचा स्वयंपाक करत, फिल्मच्या कडेला भोके पाडत, उन्हाचा परावर्तित प्रकाश पाडण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून उभ्या राहत. हरिश्चंद्राचा मुलगा रोहिदास याचे काम केले ते त्यांच्याच मुलाने, भालचंद्राने. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर दिसल्या. दोघीही रंगभूमीवरच्याच. कमलाबाई गोखले यांच्या घरात पुढे अभिनयाची परंपरा चंद्रकांत गोखले आणि विक्रम गोखले यांच्यापर्यंत चालत आली.

यानंतरची पाच-सहा वर्षे फाळक्यांच्या वैभवाची. १९१८ च्या आरंभी हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. भागीदारांकडे भांडवल होते, आणि भांडवलाबरोबर खर्चाचे प्रश्नही आले. एकेका दृश्यासाठी दिवसच्या दिवस घालवणारा कलावंत आणि महिन्याचा हिशेब मागणारे भागीदार यांचे जमले नाही. १९२० च्या सुमारास फाळक्यांनी कंपनी सोडली, चित्रपटही सोडला आणि कुटुंबासह काशी गाठली.

त्यांच्या पहिल्या नायकाचे राज्य गेल्यावर त्याला जिथे जावे लागले, तिथेच फाळके स्वतः येऊन पोचले होते. त्यांचे नावच मुळात काशीच्या धुंडिराज गणपतीचे, विश्वनाथाच्या वाटेवर ज्याचे दर्शन आधी घ्यायचे त्या देवाचे. या योगायोगांवर फार बांधू नये, पण अशा संकेतांवर मनापासून विश्वास असलेला तो माणूस होता, हे त्यांचे चित्रपट पाहिले की कळते.

तेव्हाची काशी पेन्शनीत निघालेल्या लोकांची नगरी नव्हती. ५ सप्टेंबर १९२० ला इथूनच ‘आज’ हे हिंदी दैनिक निघाले आणि त्याची संपादकीय बाजू ज्यांनी नावारूपाला आणली ते बाबूराव विष्णु पराडकर काशीत जन्मलेले मराठी गृहस्थ होते. ब्रह्मा घाट, दुर्गा घाट, पंचगंगेच्या गल्ल्या इथे मराठी घरे पिढ्यान्‌पिढ्या नांदत होती. नाटक कंपन्याही अशा वस्तीचा भरवसा धरून इतक्या दूरवर दौरे काढत. फाळके काशीत असताना किर्लोस्कर नाटक मंडळी तिथे प्रयोग करत होती आणि ते नेमाने नाटकाला जात. नट भेटायला येऊ लागले, रात्री गप्पा होऊ लागल्या. चित्रपट सोडून आलेल्या माणसाला पुन्हा रंगाचा वास आला.

त्यातून ‘रंगभूमी’ हे नाटक लिहिले गेले. विषय खुद्द मराठी रंगभूमीचाच: तिच्यातले दोष, नाटक मंडळ्यांचे वागणे, प्रेक्षकांची आवड, या सगळ्यांवर टीका करणारे. काशीत लिहिलेले हे नाटक एका रात्रीत मावेना. सात अंक दोन रात्रींत करायचे असे ठरले आणि १९२२ मध्ये ते रंगमंचावर आले. त्याला यश मिळाले नाही.

हे अपयश समजून घेण्यासारखे आहे. फाळके नाटकाच्या धंद्याला आतून ओळखत होते, पडदे रंगवण्यापासून नटाच्या चेहऱ्याला रंग लावण्यापर्यंत. पण सात-आठ वर्षे ते कॅमेऱ्याच्या मागे उभे होते आणि चित्रपटात लांबलेले दृश्य कात्रीने कापता येते. रंगमंचावर ती कात्री नटाच्या आणि लेखकाच्या मनात आधी असावी लागते. प्रेक्षकाला दोन रात्री बसवून ठेवण्याची ताकद त्या काळी फक्त गाण्यात होती, टीकेत नव्हती. प्रयत्न मात्र धाडसाचा होता. आपण ज्या कलेतून माणसे उचलून दुसरीकडे नेली, त्या कलेचे आपल्याला काही देणे लागते, असे त्यांना वाटत असावे. हा तर्क आहे, पण त्या नाटकाच्या विषयाकडे पाहिले की तो चुकीचा वाटत नाही.

‘संदेश’ पत्राचे संपादक अच्युतराव कोल्हटकर यांनी त्यांना चित्रपटाकडे परत येण्याचा आग्रह केला. चित्रपटापुरता मी मेलेलो आहे, अशा अर्थाचे उत्तर फाळक्यांनी दिले तेव्हा कोल्हटकरांनी तेच छापून टाकले आणि वाचकांची पत्रे येऊ लागली. फाळके नाशिकला परतले आणि आपल्याच जुन्या कंपनीत पगारावर रुजू झाले.

पडद्याला वाचा फुटली तेव्हा मराठी नटाचा दिवस पालटला. १९३२ साली प्रभात फिल्म कंपनीने पहिला मराठी बोलपट काढला, ‘अयोध्येचा राजा’. पुन्हा हरिश्चंद्र, पुन्हा काशीचा बाजार आणि मसणवट. या वेळी राजा झाले गोविंदराव टेंबे: कोल्हापूरचे, पेटीवादनात अव्वल, संगीत रंगभूमीवर गाजलेले नट, आणि चित्रपटाचे संगीतकारही तेच. चित्रीकरण चालू असतानाच गाणे म्हणावे लागे, त्यामुळे दाबक्यांना ज्याचा काही उपयोग झाला नसता ते गाणे टेंब्यांच्या कामी आले. तारामती होत्या दुर्गा खोटे, मुंबईच्या प्रतिष्ठित घरातल्या शिकलेल्या बाई. उपाहारगृहातल्या साळुंक्यांपासून दुर्गाबाईंपर्यंत हे अंतर एकोणीस वर्षांत कापले गेले. अभिनयाच्या पेशाची प्रतिष्ठा किती वेगाने बदलली, हे सांगायला याहून चांगला पुरावा नाही.

पण रंगमंचावर राज्य केले म्हणून पडदाही वश होतो, असे नव्हते. १९३५ च्या ‘धर्मात्मा’मध्ये बालगंधर्व एकनाथ झाले. ज्या एकनाथांनी आपले भागवत १५७३ साली काशीतच पुरे केले, त्यांची ही भूमिका. उभ्या महाराष्ट्राला वेड लावणाऱ्या त्या नटाला कॅमेऱ्यासमोर तो सूर सापडला नाही. पुढच्याच वर्षी ‘संत तुकाराम’ या चित्रपटात विष्णुपंत पागनीस आले. स्वदेश हितचिंतक मंडळीत स्त्रीभूमिका करून मुरलेले पागनीस तुकारामाला शोभतील का, याची दिग्दर्शक दामले-फत्तेलालांना शंका होती. पागनीसांनी अभिनय जवळजवळ टाकूनच दिला आणि तुकाराम होऊन नुसते बसले, चालले, गायले. ‘संत तुकाराम’ मुंबईच्या सेंट्रल सिनेमात ५७ आठवडे चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला.

तेच वर्ष फाळक्यांच्या शेवटच्या चित्रपटाचे. वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी कोल्हापूर सिनेटोनसाठी त्यांनी ‘गंगावतरण’ केला, स्वतः दिग्दर्शित केलेला एकमेव बोलपट. भगीरथाने गंगा भूमीवर आणली ती कथा. आवाजाच्या जगात त्यांची ती जादू पुन्हा चालली नाही.

पागनीस मात्र १९३९ मध्ये काशीत पोचले, पडद्यावर. रणजीत मूव्हिटोनच्या ‘संत तुलसीदास’मध्ये जयंत देसाईंच्या दिग्दर्शनाखाली ते तुलसीदास झाले, हिंदी आणि मराठी अशा दोन्ही आवृत्त्यांत, आणि संगीतालाही त्यांनी हात लावला. अस्सी घाटाजवळच्या तुलसी घाटावर ज्या कवीने आयुष्याची अखेर काढली, त्याला मराठी गळा मिळाला. रणजीतचा स्टुडिओ दादरच्या त्याच मेन रोडवर, जिथे कधीकाळी मथुरा भुवनात हरिश्चंद्राची फॅक्टरी चालली होती. त्या रस्त्याला पुढे दादासाहेब फाळके यांचे नाव दिले गेले. पागनीस १९४३ च्या ऑक्टोबरात गेले, आणि साडेचार महिन्यांनी, १६ फेब्रुवारी १९४४ ला, नाशिकमध्ये फाळके.