सराट्याची परदेशवारी

पायात सराटा मोडला नाही असा माणूस आपल्या माळरानावर सापडायचा नाही. जमिनीसरपट पसरणारा वेल, समोरासमोर बारीक पाने, पाच पाकळ्यांचे पिवळे फूल आणि काटेरी फळ, ही त्याची ओळख. वैद्य त्यालाच गोखरू म्हणतात.

हाच सराटा अमेरिकेत मात्र परका. बहुधा मेंढ्यांच्या लोकरीत अडकून तो तिकडे गेला. विसाव्या शतकाच्या आरंभी कॅलिफोर्नियात रेल्वेच्या कडेने आणि पुढे मोटारींच्या चाकांत रुतून तो गावोगाव पोचला. चाकांच्या ट्यूबा त्याने इतक्या फोडल्या, की ‘पंक्चर करणारा वेल’ हेच त्याचे नाव पडले!

पिकलेल्या फळाच्या पाच फाका होतात. प्रत्येकीत दोन-चार बिया. त्या सगळ्या एकदम उगवत नाहीत. काही वर्षानुवर्षे मातीत पडून राहतात. त्यामुळे एकदा खुरपून काम भागेना.

मग शास्त्रज्ञांनी त्याचे जुने वैरी शोधले. १९६१ साली इटलीहून दोन जातींचे सोंडकिडे आणून सोडले. एकाची अळी बी खाते, दुसऱ्याची खोड पोखरते. हवाई बेटांत चांगला गुण आला. कडक थंडीच्या मुलखात मात्र किडे तगेनात.

तेव्हा खुरप्याला सुट्टी नाही. फळ धरण्यापूर्वीच वेल मुळाशी कापावा. फळे धरली असतील, तर वेल गोळा करून जाळावा. बांधावर टाकू नये. गुरुजींनी शाळेच्या मैदानापासूनच आरंभ करावा. अनवाणी पोरे तिथेच तर खेळतात!