दामदुप्पट ते ईएमआय

1861 ला अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस अडला आणि आपल्या खानदेशी कापसाला सोन्याचे दिवस आले. सावकारांनी हात सैल सोडला. 1865 ला युद्ध थांबलं, भाव कोसळले. कर्ज मात्र तसंच. जमिनी गहाण पडल्या.

एक जुना आधार होता, दामदुप्पट: थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलाहून जास्त मागता येत नसे. मुंबई इलाख्यातली कोर्टंही ते मानायची. सावकार वस्ताद! व्याज मुद्दलात घालून नवा दस्त लिहायचा.

आता जळगाव-धुळ्यातला फ्लॅट धरा. 30 लाख, साडेआठ टक्के, 20 वर्षं. हप्ता 26,035, पहिल्यात व्याजच 21,250! एकूण भरणा 62 लाखांवर. व्याज महिन्याला चुकतं होतं, म्हणून दामदुप्पट आड येत नाही. आणि दर वाढला की? हप्ता तोच ठेवून आपण मुदत वाढवून घेतो.