वृत्त म्हणजे काय रे भाऊ? गोल, बातमी की जंगल?

'याबाबत सविस्तर वृत्त असे की...'

पत्रकारितेचा डिप्लोमा करून या धंद्यात आलो तेव्हापासून हे वाक्य किती वेळा लिहिलं, मोजदाद नाही. आणि त्याच्या खाली कितीदा तरी: 'चंद्रपूर वनवृत्तातील ब्रह्मपुरी वनविभागात वाघाच्या हल्ल्यात...' एकाच बातमीत वृत्त दोनदा. पहिल्याचा अर्थ बातमी, हे सगळ्यांना ठाऊक. दुसऱ्याचा अर्थ गावात विचारून बघा. 'जंगलाचं मोठं ऑफिस' असंच उत्तर येईल.

खरं तर वृत्त म्हणजे गोल. भूमितीत कंपासनं काढतो तो. आज या एका शब्दाबद्दल लिहितो आहे. पोस्ट लांब आहे, पण ज्यांच्या गावाला जंगल लागून आहे त्यांनी शेवटपर्यंत वाचा. शेवटी कामाची गोष्ट आहे.

आधी शब्दाचं कूळ बघू.

संस्कृतात 'वृत्' असा धातू आहे. फिरणं, वळणं, असणं, घडणं असे त्याचे अर्थ. त्यापासून वृत्त. जे वळून आलं ते वृत्त, म्हणून गोल. जे घडून गेलं तेही वृत्त, म्हणून घटना, हकीकत, बातमी. माणूस कसा वागतो ते वर्तन. पुन्हा पुन्हा निघते ती आवृत्ती, कामातून मागं वळणं ती निवृत्ती. वर्तमान, वर्तुळ, वार्ता, वार्ताहर, परिवर्तन ही सगळी एकाच घरातली माणसं. आणि घरातला एक गावंढळ भाऊही आहे: वाटोळं. वर्तुळ हाच शब्द प्राकृतातून घासत घासत आपल्या तोंडी वाटोळा झाला. आजीच्या बोलण्यात वाटोळा चेहरा म्हणजे गोल चेहरा. पण 'वाटोळं झालं' म्हटलं की सगळं बुडालं. गोलाचे एवढे नशीबफेरे एकाच भाषेत झालेत.

गणितात हा शब्द जुना आहे. इसवी सन ४९९ मधल्या आर्यभटीयात व्यास २०,००० धरला तर घेर ६२,८३२ येतो, असं सांगितलं आहे. भागाकार करून बघा, ३.१४१६ येतं. आर्यभटानं तिथं गोलाला वृत्तच म्हटलं आहे, आणि हे उत्तर नेमकं नाही, जवळचं आहे, हेही प्रामाणिकपणे सांगून ठेवलं आहे. पुढं ११५० मध्ये भास्कराचार्यांनी लीलावती लिहिली. तीत वृत्ताचं क्षेत्रफळ काढायची रीत आहे: घेराला व्यासाच्या चौथ्या हिश्शानं गुणा. गंमत अशी, की ही रीत ज्या श्लोकात आहे त्याची चाल मंदाक्रांता. म्हणजे मेघदूताची. कालिदासाचा यक्ष ज्या रामगिरीवर बसून ढगाशी बोलतो तो आपल्या विदर्भातला रामटेक मानतात. त्याच चालीत भास्कराचार्यांनी गोलाचं गणित बसवलं.

आणि कवितेच्या या चालीलाही आपण वृत्तच म्हणतो. शाळेत 'यमाताराजभानसलगं' पाठ करून गण पाडायचो, आठवतं ना? परशुरामतात्या गोडबोल्यांच्या जुन्या पुस्तकाचं नाव 'वृत्तदर्पण'. आज कोणी ऐकलं तर म्हणेल, हा कुठला पेपर? पण ते कवितेच्या वृत्तांचं पुस्तक. पेपर होता तो नुसता 'दर्पण', बाळशास्त्री जांभेकरांचा, ६ जानेवारी १८३२ ला निघालेला. आपला पत्रकार दिन त्याच तारखेचा.

आता शाळेत या.

मराठी शाळेत गणिताच्या पुस्तकात गोलाला वर्तुळ म्हणतात. वृत्त नाही. पण कोरचीवरून पुढं छत्तीसगडात जा, तिथल्या हिंदी शाळेत तोच गोल वृत्त. खाली सिरोंच्याहून गोदावरी ओलांडून तेलंगणात जा, तेलुगू शाळेत तो 'वृत्तम्'. दोन्ही बाजूला वृत्त आणि मधे आपण वर्तुळवाले. आपल्या पोरांना वृत्त भेटतं ते भूगोलात: विषुववृत्त, कर्कवृत्त, अक्षवृत्त. यातलं एक तर आपल्या जिल्ह्यातून जातं. चंद्रपूरहून भद्रावतीकडं निघालात की वाटेत २० अंश उत्तर अक्षवृत्त ओलांडता. पाटी नाही, खांब नाही, पण आपल्या दोन जिल्ह्यांत खरोखर गोल असलेलं वृत्त म्हणायचं तर तेच.

कारण बाकीची सरकारी वृत्तं गोल नाहीत.

इंग्रजांनी १८६४ मध्ये वनखातं काढलं. डिट्रिख ब्रँडिस हे पहिले महानिरीक्षक. लगेच १८६५ चा वनकायदा, मग १८७८ चा, मग १९२७ चा, जो आजही चालतो. खात्याची उतरंड बसली ती अशी: सर्कल, त्याखाली डिव्हिजन, त्याखाली रेंज, मग राउंड आणि शेवटी बीट. या शब्दांकडं नीट बघा. बीट म्हणजे गार्डानं पायी फिरायचा टापू. राउंड म्हणजे फेरी. यात कागदावर काढलेल्या गोलापेक्षा माणसाचं फिरणं जास्त आहे. जेवढं जंगल फिरून होईल तेवढी त्याची हद्द.

मराठीत याचं झालं वृत्त, विभाग, परिक्षेत्र आणि नियतक्षेत्र. राउंडला पश्चिम महाराष्ट्रात परिमंडळ म्हणतात, आपल्याकडं तिथं क्षेत्र सहाय्यक बसतो. लोक मात्र राउंड आणि बीटच म्हणतात. 'सायब राउंडवर गेले' हे कोणालाही समजतं.

महसूल खात्याचंही सर्कल होतं. त्याचं मराठी झालं मंडळ. आपल्या भागात तलाठ्याला पटवारी म्हणतात आणि मंडळ अधिकाऱ्याला अजूनही आरआय. बांधकाम खात्याच्या सर्कलचं मंडळ, महावितरणच्या सर्कलचंही मंडळ. मूळ इंग्रजी शब्द एकच, पण जंगलात गेला की वृत्त आणि शेतात, रस्त्यावर, तारेवर मंडळ. परिमंडळाची तर कमालच आहे. महावितरणमध्ये परिमंडळ मंडळाहून मोठं, चंद्रपूर परिमंडळात दोन्ही जिल्हे येतात. वनखात्यात परिमंडळ म्हणजे चार-दोन बीटांचा तुकडा. जिल्हा परिषदेच्या मतदारसंघाचं सरकारी नाव गट, आपण त्यालाही सर्कलच म्हणतो. साधा माणूस यात घोटाळणार नाही तर काय?

हे नुसतं शब्दांचं कोडं असतं तर मी लिहिलं नसतं. या गोलांवर लोकांचे पैसे आणि जीव टांगलेले असतात.

पावसाचंच घ्या. अतिवृष्टी झाली की नाही हे मंडळावर ठरतं. मंडळात २४ तासांत ६५ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला तर अतिवृष्टी. पर्जन्यमापक एका जागी उभा असतो आणि मंडळाच्या काठावरचं गाव कितीतरी लांब. गावाचं धान आडवं झालं, पण यंत्रावर ६२ आले, तर पुढची सगळी वणवण शेतकऱ्याची. ढगाला मंडळाची हद्द कोण सांगणार?

जंगलाचं त्याहून अवघड. चंद्रपूर वनवृत्तात चंद्रपूर, मध्य चांदा आणि ब्रह्मपुरी हे विभाग. गडचिरोली वनवृत्तात गडचिरोली, वडसा, आलापल्ली, भामरागड आणि सिरोंचा. शिवाय ताडोबा-अंधारी व्याघ्र प्रकल्पाचा कोअर वेगळा, बफर वेगळा, आणि १९७४ पासून वनविकास महामंडळाचं जंगल आणखी वेगळं. वाघाला यातलं काही ठाऊक नाही. मोहफुलाला गेलेल्या बाईलाही नाही. तिला ठाऊक असतं ते नाल्याचं नाव, झाडाचं नाव, देवाची जागा. जीव गेल्यावर मात्र पहिला प्रश्न येतो, घटना कोणाच्या हद्दीत? एका कार्यालयातून 'हे आमच्याकडं येत नाही' म्हणून पाठवलेलं, दुसऱ्या दारातही तेच ऐकलेलं कुटुंब मी पाहिलं आहे. त्यातल्या म्हाताऱ्यानं मला विचारलं होतं, 'बाप्पा, जंगल तं एकच हाय ना? मंग मालक इतके कायले?'

भूमितीत वर्तुळाची व्याख्या काय? केंद्रापासून काठावरचा प्रत्येक बिंदू सारख्या अंतरावर. आता गडचिरोली हे केंद्र धरा. वडसा सुमारे ५० किलोमीटर, सिरोंचा सुमारे २००. पर्लकोटेला पूर आला की भामरागडचा रस्ता बंद. ज्याचं गाव काठावर, त्याला वृत्ताच्या केंद्रापर्यंत पोचायला दिवस आणि मजुरी दोन्ही द्यावी लागतात. हे गोल काढणाऱ्यानं सारख्या अंतराची अट पाळलेलीच नाही.

आणि आमचं, म्हणजे पेपरवाल्यांचं वृत्त? तेही याच वाटेनं चाललं आहे. घडलेली गोष्ट कोणीतरी जाऊन, फिरून आणायची, तेव्हा ती वृत्त होते. आता मोबाईलवर प्रेस नोट येते: अमुक परिक्षेत्र, तमुक नियतक्षेत्र, कक्ष क्रमांक एवढा. तीच छापली जाते. त्या जागेला गावात काय म्हणतात, बाई तिथं रोज जायची का, रस्ता कुठून होता, हे येत नाही. 'राजकीय वर्तुळात खळबळ' मात्र रोज येते. ते वर्तुळ जिल्ह्याच्या ठिकाणी दोन-चार चहाच्या टपऱ्यांएवढं असतं, तिथं फिरायला पेट्रोल लागत नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे. वृत्त या शब्दाच्या पोटात फिरणं आहे. साहेब फिरला तर ते वनवृत्त, नाहीतर नुसती नकाशावरची रेघ. बातमीदार फिरला तर ते वृत्त, नाहीतर आलेला कागद पुढं ढकलणं. दोघंही फिरेनासे झाले की काठावरच्या गावाचं काय होतं, त्यासाठी आपल्याकडं शब्द आहेच. वाटोळं.

पण याच घराण्यातला आणखी एक शब्द उरला आहे, आणि तो गावाच्या हातात आहे. इतिवृत्त. असं असं घडलं, याची लेखी नोंद. आपण त्याला प्रोसिडिंग म्हणतो.

धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाचं नाव सगळ्यांनी ऐकलं असेल. वनहक्क कायदा २००६ चा. त्याखाली २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळालेल्या देशातल्या पहिल्या गावांत मेंढा आहे. सुमारे १,८०० हेक्टर जंगल. पुढं बांबू विकायचा तर वाहतूक परवाना कोणी द्यायचा, यावर बरीच ओढाताण झाली. २७ एप्रिल २०११ ला तेव्हाचे केंद्रीय पर्यावरणमंत्री जयराम रमेश मेंढ्यात आले आणि परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं. टीपी देणारं टेबल वनखात्याच्या कार्यालयातून गावात आलं, असं म्हणा ना.

हे एका दिवसात झालं नाही. कितीतरी वर्षं ते गाव एकत्र बसत आलं आहे. सगळ्यांचं एकमत होईपर्यंत चर्चा, अभ्यास गट, आणि निर्णय ग्रामसभेचा. देवाजी तोफा आणि मोहन हिराबाई हिरालाल यांची नावं त्याच्याशी कायमची जोडली गेली. गोल करून बसलं की कोणी पहिल्या रांगेत नाही आणि कोणी मागं नाही. वर्तुळाची शाळेतली व्याख्या मला तिथं खरी झालेली दिसते.

आता ती कामाची गोष्ट. ज्या गावांना जंगल लागून आहे त्यांनी ग्रामसभेच्या प्रोसिडिंगमध्ये तीन गोष्टी लिहून ठेवाव्यात.

एक, आपल्या शिवारातल्या जागांची आपली नावं: नाला, टेकडी, तळं, देवस्थान, मोहाची राई. प्रत्येकापुढं ती कोणत्या बीटात आणि कोणत्या कक्ष क्रमांकात येते ते. वनरक्षकाला सोबत घेऊन एकदा फिरा, दोन दिवसांचं काम आहे.

दोन, ती जागा प्रादेशिकची, बफरची की महामंडळाची ते. म्हणजे वाईट वेळ आली तर हद्द शोधत दारोदार जावं लागणार नाही.

तीन, आपलं महसूल मंडळ कोणतं, पर्जन्यमापक कुठं उभा आहे आणि गावापासून किती लांब ते. नुकसान झालं तर त्याच आठवड्यात ठराव लिहा, सह्या घ्या, तारीख टाका.

सरकारी वृत्ताच्या रेघा आपल्या हातात नाहीत. पेपरातलं वृत्त किती फिरून येतं, तेही पूर्णपणे तुमच्या हातात नाही. इतिवृत्त आहे, आणि ते लिहायला एक वही पुरते.

जाता जाता एक विचारतो. तुमच्या गावात गोलाला काय म्हणतात? वाटोळा, गोल, रिंगण, चकली, की आणखी काही? माडिया, गोंडी, तेलुगू, बंगाली, छत्तीसगडी बोलणाऱ्यांनी जरूर लिहा, गावाच्या नावासकट.